पायवाट सोडून

पोपटी लावावी ती जानेवारीत. त्याआधी वालाच्या शेंगा भरलेल्या नसतात आणि पुढे दाणा निबर होतो. पेणमध्ये जन्म काढलेल्या मला हे ठाऊक नसेल असं नाही, पण रोह्याचे भावोजी दरवर्षी फोनवर ते नव्याने सांगतात. मग एका शनिवारी पोह्याच्या पापडांची पाकिटं पिशवीत टाकून मी पेण स्टेशनवर दिवा-रोहा गाडीत चढतो. कासू, नागोठणे, निडी, रोहा. कोकण रेल्वे तिथून पुढे सुरू होते. माझी गाडी तिथे संपते.

भावोजी मराठा लाइट इन्फंट्रीतून हवालदार म्हणून १९९८ साली निवृत्त झाले. नंतर धाटाव एमआयडीसीतल्या एका कंपनीत वॉचमन होते, तेही रात्रपाळी मागून घेणारे. मी ड्रॉइंग मास्तर. शाळा सुटली तरी गणपतीआधीचे तीन महिने एका मित्राच्या कारखान्यात आखणीला जातो. आखणी म्हणजे मूर्तीचे डोळे. साचा कुणीही भरेल, अंगाचा रंगही कुणी मारेल, पण डोळ्यांना हात लावायला आमच्या पेणमध्येही माणसं मोजकीच. बुबुळ केसभर वर सरकलं की गणपती समोरच्या माणसाकडे न बघता त्याच्या मागच्या भिंतीकडे बघायला लागतो. गिऱ्हाइकाला काय चुकलंय ते सांगता येत नाही, पण ते ती मूर्ती उचलत नाही. हे सांगायचं कारण, आमचा यंदाचा वाद डोळ्यांवरूनच पेटला.

गेल्या पावसाळ्यात भाच्याने मला ‘हातुफिम’ नावाची इस्रायलची मालिका दाखवली. तिकडे ती २०१० साली आली. तीन सैनिक शत्रूच्या हाती सापडतात. सतरा वर्षांनी त्यांतले दोघे जिवंत परत येतात, तिसऱ्याची पेटी येते. एकाची बायको सतरा वर्षं सभा-मोर्चे करत थांबलेली असते. दुसऱ्याची ठरलेली नवरी त्याच्याच भावाची बायको झालेली असते. हिच्यावरूनच अमेरिकेत २०११ मध्ये ‘होमलँड’ निघाली, आणि आपल्याकडे निखिल अडवाणींनी २०१६ मध्ये स्टार प्लसवर ‘पी.ओ.डब्ल्यू. – बंदी युद्ध के’ आणली. कारगिलच्या लढाईत हरवलेले दोन जवान सतरा वर्षांनी घरी येतात, अशी. ती मी तेव्हाच बघितली होती. मूळची बघितल्यावर मात्र राहवेना. भाच्याला सांगून रोह्याच्या घरीही लावून द्यायला लावली आणि जानेवारीची वाट बघत बसलो.

“दोन भाग बघितले,” भावोजी मडक्याच्या तळाला भांबुर्ड्याचा पाला दाबत म्हणाले. “मग बंद केली.”

“का पण?”

“गुपित आहे म्हणून.”

मला वाटलं, ऐकण्यात चूक झाली. भावोजींनी शेंगांवर मीठ-ओवा चोळला, मधे बटाटे-कांदे पेरले आणि शांतपणे बोलत राहिले. “दोघं घरी आले, लगेच त्यांना प्रश्न विचारायला माणूस हजर. यांच्या बोलण्यात काय लपलंय, हे बोटांनी काय वाजवतात, कुणाला सामील झालेत का. म्हटलं, झालं! आता शेवटच्या भागापर्यंत गुपित. मास्तर, टीव्हीवरच्या प्रत्येक फौज्याकडे गुपित असतं. आमच्याकडे गुपित नाय. आमच्याकडे नुसतं न सांगितलेलं असतं.”

“नाटकाला काहीतरी आधार लागतो, भावोजी. गुपित काढून घेतलं तर बघणारा दुसऱ्या दिवशी टीव्ही लावेल कशाला? पण त्या गुपिताच्या आडून बाकीचं किती दाखवलंय! माणूस पलंग सोडून जमिनीवर झोपतो. भरल्या घरात कुठे उभं राहावं ते त्याला कळत नाही. आणि त्या नटाचे डोळे बघितलेत? बायकोशी बोलताना तिच्या मागच्या भिंतीकडे बघतो. मी आखणी करणारा माणूस. तो डोळा खोटा काढता येत नाही.”

“तुमचा डोळा मूर्तीचा. मूर्ती एका जागी बसून असते.”

त्यांनी मडकं उलटं केलं, भोवती काटक्या रचल्या, वर पेंढा टाकला आणि जाळ लावला. भात कापल्यावर त्याच ओलीवर वाल पेरायचा, त्याच शेतात त्याच शेंगांची पोपटी लावायची, हा इथला जुना व्यवहार. कुंडलिकेकडून गार वारा येत होता. ताई घरातून ताटल्या घेऊन आली होती आणि बांधावर गोणपाट टाकून बसली होती. आमच्या वादात ती सहसा पडत नाही.

मी दुसरीकडून सुरुवात केली. ही मालिका तिकडे लागली तेव्हा त्यांचा एक खराखुरा सैनिक, गिलाद शालित, गाझात कैदेत होता. २००६ मध्ये पकडलेला तो मुलगा २०११ च्या ऑक्टोबरात सुटला. “म्हणजे बघा,” मी म्हटलं, “तिकडच्या घराघरांत लोक मालिका बघत होते आणि खरा मुलगा अजून यायचा होता. आणि त्या घरांत आपली माणसंही असणार.”

“आपली?”

आपलीच. पेणमध्ये बेने इस्राएलांचं, म्हणजे कोकणातल्या ज्यूंचं, सिनेगॉग १८६३ सालापासून आहे. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून जुनी माणसं त्यांना शनिवार तेली म्हणायची. इस्रायल झाल्यावर एकेक करून घरं तिकडे गेली, पण जाताना गावांची नावं आडनावांत घेऊन गेली. पेणकर, रोहेकर तिकडेही आहेत. घरात मराठी बोलतात, ‘मायबोली’ नावाचं मराठी नियतकालिकही त्यांनी चालवलं. अश्दोद नाहीतर दिमोनातल्या एखाद्या घरात एखादी रोहेकर आजी नातवाला विचारत असेल, कोण रे हा, इतकी वर्षं होता कुठे? ही माझी कल्पना. पण त्या मालिकेचा आणि रोह्याचा धागा मला तेवढ्यानेही पुरतो.

“आणि त्यांचा तर अस्साच एक माणूस होऊन गेलाय,” मी म्हटलं. “सॅम्युएल दिवेकर. कंपनी सरकारच्या पलटणीत अधिकारी होता. टिपूबरोबरच्या लढाईत कैद झाला. टिपूच्या आईने रदबदली केली म्हणून वाचला, असं त्यांच्यात सांगतात. सुटून आला आणि १७९६ मध्ये मुंबईत मांडवीला सिनेगॉग बांधलं. नाव काय ठेवलं? दयेचं दार. बेने इस्राएलांची मुंबईतली ती पहिली मशीद. सिनेगॉगला तेही आपल्यासारखं मशीदच म्हणायचे. युद्धातून परत आलेल्या माणसाने त्या अनुभवाचं काय केलं, त्याचं याहून चांगलं उदाहरण सांगा.”

भावोजी जाळात पेंढा सारत होते. “पुढे काय झालं त्याचं?”

“धर्मग्रंथाच्या गुंडाळ्या आणायला कोचीनला गेला. तिथेच वारला, १७९७ मध्ये.”

“म्हणजे घर बांधून एका वर्षात परत निघाला.”

“देवाच्या कामासाठी निघाला हो!”

“मी कुठं नाय म्हणतो? पण बांधकाम केलं म्हणजे माणूस बरा झाला, हे तुम्ही ठरवलंत. कैदेतून सुटलेला माणूस म्हातारपणी मुंबईत बसून राहू शकला नाय, तुमच्याच गोष्टीत आहे ते. तुम्हाला देऊळ दिसतं, मला त्याची पायपीट दिसते.”

खरं सांगायचं तर दिवेकरांकडे मी त्या बाजूने कधी पाहिलं नव्हतं. तरी भावोजींचं म्हणणं मला पटलं असं नाही. दोनशे वर्षांपूर्वीच्या माणसाच्या मनात शिरून त्याला आजारी ठरवायचं, हेही मालिकावाल्यांच्याच जातीचं काम झालं. तसं मी बोललो. ते हसले.

“बरोबर. मग तुम्ही त्याला बरा ठरवू नका, मी आजारी ठरवत नाय. फिट्टंफाट.”

मला फिट्टंफाट नको होतं. परत आलेल्या सैनिकाची गोष्ट बाहेरून आलेली नाही, ती आपली आहे, हे मला त्यांच्या गळी उतरवायचं होतं. म्हणून मी पानिपत काढलं. मराठी माणसाकडे अडल्या वेळी पानिपत असतंच.

१७६१ नंतर भाऊसाहेब मेले यावर किती जणांचा विश्वास बसला नाही! पार्वतीबाईंनी कुंकू पुसलं नाही. मग एक माणूस उगवला, मीच सदाशिवराव म्हणून. पकडला, किल्ल्यांवरून फिरवून कैदेत ठेवला. १७७६ मध्ये रत्नागिरीच्या कैदेतून तो सुटला आणि बघता बघता कोकण त्याच्या मागे गेलं. एकामागून एक किल्ले त्याला मिळत गेले. शेवटी महादजी शिंदे आणि पानशांच्या फौजांनी मोडला तेव्हा समुद्रातून पळून आपल्याच कुलाब्याला आला. तिथे राघोजी आंग्र्यांनी धरून पुण्याला पाठवला आणि डिसेंबरात त्याला मारला. त्यावर न. चिं. केळकरांनी ‘तोतयाचे बंड’ हे नाटकही लिहिलं.

“आता ‘होमलँड’मध्ये तरी दुसरं काय आहे?” मी म्हटलं. “परत आलेला माणूस तोच आहे का, हाच प्रश्न. आपण तो अडीचशे वर्षांपूर्वी अलिबागच्या किनाऱ्यावर विचारून झालोय.”

भावोजींनी बराच वेळ उत्तर दिलं नाही. पेंढा संपला होता. ते उठून दुसरा भारा घेऊन आले.

“मास्तर, हे चांगलं काढलंत. पण एक सांगा. खरेच सदाशिवराव आले असते तर? डोकं बधिर झालेले, रात्री ओरडणारे, दरबारात बसवत नाय असे? कोकण गेलं असतं त्यांच्या मागं? तोतयाच्या मागं लोक गेले, कारण तो धडधाकट होता. बोलायचा चांगलं. लोकांना गेला तस्साच परत आलेला पाहिजे असतो. तसा फक्त तोतयाच येतो.”

ताई बांधावरून म्हणाली, “आणि त्या बाईंना कुणी विचारलं का, हा तुझा नवरा आहे का म्हणून?”

आम्ही दोघांनीही तिकडे बघितलं नाही. आता वाटतं, बघायला हवं होतं.

“लोकांना काय पाहिजे असतं हे आम्ही बघितलंय,” भावोजींनी सूर पकडला होता. ते १९८७ साली श्रीलंकेला गेले होते, शांतिसेनेत. जुलैअखेर करार झाला, ऑक्टोबरात जाफनाची लढाई पेटली. “जाताना आम्हाला सांगितलं, दोन बाजूंच्या मधे उभं राहायचंय. आणि थोड्या दिवसांत ज्यांना वाचवायला गेलो तेच सुरुंग पेरायला लागले. अकराशेच्या वर आपली माणसं गेली तिकडे. शेवटची तुकडी चोवीस मार्च नव्वदला निघाली. मद्रासला स्वागत ठेवलं होतं, मुख्यमंत्री करुणानिधी आले नाहीत. त्यांचीही कारणं होती, मी दोष देत नाय. तिकडच्या लोकांना वाटत होतं, यांनी आपल्याच माणसांवर गोळ्या चालवल्या. मी तेव्हा घरी होतो, रेडिओवर ऐकलं. आणि कारगिलच्या वेळी लोकांनी टीव्हीवर लढाई बघितली, गावोगाव कमानी उभ्या केल्या. मी निवृत्त होऊन एक वर्ष झालं होतं. मला शाळेत सत्काराला बोलावलं. म्हटलं, मी कारगिलचा नाय. सर म्हणाले, फौजी तो फौजी. गेलो. नारळ घेतला, शाल घेतली.”

“तेच तर मी म्हणतो! यावर कुणी मालिका केली तर निदान कळेल तरी लोकांना.”

“कळून काय करतील? मी कंपनीत वॉचमन होतो. एक दिवस साहेबाने विचारलं, हवालदार, तुम्हाला राग-बिग येतो का हो अचानक? त्याने कुठल्यातरी इंग्लिश सिनेमात बघितलं होतं. दिवाळीत फटाका वाजतो आणि फौजी टेबलाखाली घुसतो, तसलं. मला फटाक्याचं काही वाटत नाय. पोरं माझ्या मांडीवर बसून लवंगी लावायची. मी रात्री जागतो, एवढंच. जागणं घरात असताना आजार होता. कंपनीत त्याचा पगार मिळाला.”

मी आजार हा शब्द सोडायचा नाही असं ठरवलं होतं, आणि तो त्यांनीच काढला. पहिल्या महायुद्धात इंग्रज डॉक्टरांना वाटलं, तोफगोळ्याच्या हादऱ्याने मेंदू हलतो. कित्येकांना भित्रे म्हणून हिणवलं गेलं, काहींना तर पळपुटे ठरवून गोळ्या घातल्या. व्हिएतनामहून आलेल्यांनी आरडाओरडा केला तेव्हा कुठे १९८० मध्ये अमेरिकेतल्या मनोविकारतज्ज्ञांच्या ग्रंथात या दुखण्याला स्वतंत्र नाव मिळालं. “नाव मिळालं म्हणून उपचार मिळाले,” मी म्हटलं. “आणि ते नाव लोकांच्या तोंडी रुळलं ते डॉक्टरांच्या ग्रंथामुळे नव्हे, असल्या सिनेमा-मालिकांमुळे.”

“मला गावाने नाव दिलंच होतं की.”

“काय?”

“चिखल्या.”

ताई हसली, आणि लगेच थांबली.

मला हे ठाऊक नव्हतं. पेण आणि रोहा यांत तासाभराचं अंतर, पण बहिणीच्या घरातलं सगळं भावाला कळतं असं नाही. भावोजींनी मडक्यावर पाण्याचा शिपका मारला. नुसताच फसफसला, अजून वेळ होता. मग ते जे बोलले ते मी शक्य तितकं त्यांच्याच शब्दांत देतो.

“त्या सगळ्या गोष्टींत लढाई कुठं असते? वाळवंटात, नाहीतर बर्फात. घर वेगळं, हिरवंगार. फौजी घरी येतो आणि त्याला लढाई आठवते. बघणाऱ्याला लगेच कळतं, हे घर आणि ती लढाई. आमचं तसं नव्हतं. जाफना म्हणजे कोकण होतं, मास्तर. पहिल्या दिवशी ट्रकमधून उतरलो तेव्हा आमच्या कंपनीतला एक श्रीवर्धनचा पोरगा म्हणाला, अरे, घरी आलो! नारळ, केळी, फणस. कौलारू घरं, आडाला रहाट. खाडी, मिठागरं, सुकटीचा वास. आणि ताड. रेवदंड्याला आहेत त्याच्या शंभरपट ताड. वाडीला वाडी लागून, ताडाच्या झावळ्यांची कुंपणं, मधून अरुंद पाखाड्या. तशाच आपल्या. आणि सुरुंग असायचे ते पाखाडीत. गोळी यायची ती ताडावरून. तीन महिन्यांत आम्हाला शिकवलं, नीट केलेल्या वाटेवर पाय ठेवायचा नाय. पायवाट दिसली की ती सोडायची. वाट सोडून चिखलातून, काट्यातून चालायचं. जो सरळ वाटेने गेला तो...”

जाळातली एक ओली काटकी तडतडली. कुणी दचकलं नाही. दचकलो असलो तर मीच.

“रजेवर आलो, एसटीतून उतरलो आणि समोर तेच. ताड, कुंपण, पाखाडी. लढाई आठवायला डोळे मिटावे लागत नव्हते, उघडावे लागत होते. मग मी शेतातून चालायचो. सगळं गाव बांधावरून, मी चिखलातून. भात लावलेल्या शेतातून गेलो म्हणून एकदा शेजारी काठी घेऊन आला. मला त्याच्याशी भांडायचं नव्हतं. मला फक्त बांधावर पाय ठेवायचा नव्हता.”

“किती वर्षं?”

“काय माहीत. रजा येत होत्या, जात होत्या. निवृत्त झाल्यावरही काही पावसाळे. मग एक दिवस बांधावरून चालत आलो. कधी ते लक्षात नाय. आता यात तुमची मालिका कुठं बसते? गुपित नाय, बोटांनी वाजवायला काय नाय. एक माणूस बांध सोडून चालतो. दुसऱ्या भागात परत बांध सोडून चालतो.”

मी म्हटलं, उलट हीच तर मालिका. पण म्हणताना माझं मलाच कळत होतं की तो बांध, ते ताड आणि तो चिखल एखाद्याने जीव ओतून चित्रित केला तरी बघणाऱ्याला कोकण दिसेल. सुंदर दिसेल. तेवढ्यासाठी तरी मागे गुपिताचं संगीत लावावं लागेल आणि भावोजी दोन भागांत टीव्ही बंद करतील. चित्रकार म्हणून मला याचं उत्तर सापडलेलं नाही.

“मी सगळी बघितली ती सीरियल,” ताई म्हणाली.

“सगळी?” हे आम्ही दोघांनी एकदम विचारलं.

“यांनी बंद केल्यावर. दुपारची, तुझ्या भाच्याकडून लावून घेऊन. खालच्या ओळी वाचायला मिळायच्या नाय नीट, पण कळत होतं. त्यातली ती थांबलेली बायको नवऱ्याला सारखी विचारते, काय केलं रे त्यांनी तुला, सांग ना. मी यांना कधी विचारलं नाय.”

मी मास्तरकी केली. म्हटलं, “विचारायला हवं होतंस, ताई. बोलल्याने मन हलकं होतं.”

“कुणाचं? विचारलं असतं तर यांनी सांगितलं असतं. हे आपले पलटणीत परत गेले असते, आणि मला ते घेऊन इथं राहावं लागलं असतं. सासूसासरे, दोन पोरं, म्हैस. मला जमलं नसतं. म्हणून मी बादली ठेवायची.”

“कसली बादली?” भावोजींनी विचारलं.

“दारातली. तुम्ही शेतातून यायचात, गुडघ्यापर्यंत चिखल. सासूबाई बोलायच्या, धड वाटेनं येता येत नाय का. तुम्ही काय बोलायचे नाय, तसेच आत. मग रात्रभर माजघर पुसा. म्हणून पायरीवर पाण्याची बादली आणि तांब्या ठेवायला लागले. तुम्ही यायच्या आधी. म्हणजे कुणी काय बोलायच्या आत पाय धुवून व्हायचे.”

भावोजी तिच्याकडे बघत राहिले. तिच्याकडेच, मागच्या अंधाराकडे नव्हे. एवढं मला आखणीतलं कळतं.

“ती म्हशीसाठी असायची ना?”

“म्हशीला मी तांब्या ठेवीन?”

मला हसू आलं, ते मी दाबलं. ताईने गोणपाट सारखं केलं आणि माझ्याकडे वळली. “तू मघाशी त्या पेशव्यांच्या बाईंचं सांगितलंस. आणि मागे एकदा त्या बॅडमिंटनवाल्या बाईंचं वाचून दाखवलं होतंस. काय नाव?”

दमयंती तांबे. राष्ट्रीय विजेत्या, अर्जुन पुरस्कार मिळालेल्या. लग्नाला जेमतेम दीड वर्ष झालेलं आणि १९७१ च्या डिसेंबरात पती फ्लाइट लेफ्टनंट विजय तांबे यांचं विमान पाकिस्तानात पडलं. तिकडच्या वर्तमानपत्रात पकडलेल्या वैमानिकांत त्यांच्या नावाशी जुळणारं नाव छापून आलं होतं. एकाहत्तरनंतर न परतलेल्या चौपन्न जणांच्या यादीत ते आहेत. २००७ मध्ये नातेवाइकांना पाकिस्तानातले तुरुंग दाखवायला नेलं. तिथे कुणी सापडलं नाही. त्यांनी दुसरं लग्न केलं नाही. मी हे सगळं ताईला पुन्हा सांगितलं, आणि सांगता सांगता उत्साहात म्हणालो की हातुफिममधली थांबलेली बायको म्हणजे अगदी...

“नाय,” ताई म्हणाली. “तिचा नवरा येतो. पहिल्याच भागात येतो.”

त्यानंतर मला काही सुचलं नाही. माणगावला यशवंत घाडग्यांचा पुतळा आहे. इटलीतल्या लढाईत बाविसाव्या वर्षी पडलेले आपल्या जिल्ह्यातले व्हिक्टोरिया क्रॉसवाले. तो विषय मी मनात धरून आलो होतो, घरी आलेल्यांना पुतळे का नसतात असं काहीतरी चटकदार बोलायचं म्हणून. तो तसाच राहू दिला.

भावोजींनी पुन्हा शिपका मारला. या वेळी पाणी चर्र करून उडालं. जाळ बाजूला सारून त्यांनी काठीने मडकं कलतं केलं, पाला ओढला आणि भांबुर्ड्याचा तो कडवट, गरम वास सुटला. पाण्याचा थेंब न घालता शिजलेल्या शेंगा. पहिल्या ताटलीत बटाटा फुटून शेंगांना चिकटला होता. ती ताईने माझ्यापुढे सरकवली, पेणहून आलेला पाहुणा म्हणून.

“एक कबूल करा,” खाता खाता मी म्हटलं. हरलेल्या माणसाला शेवटचा मुद्दा सोडवत नाही. “ती मालिका नसती, तुम्ही ते दोन भाग बघून चिडला नसतात, तर आज हे बोलला नसतात.”

“मी कुठं बोललो? मी जाफनाचं झाडझाडोरं सांगितलं. बोलली ती तुमची ताई.”

“मग तिने तर सगळी बघितली!”

“म्हणून ती जास्त बोलली,” भावोजी म्हणाले आणि त्यांनी माझ्या ताटलीत अंडं टाकलं. हा होकार होता की नकार, ते मला अजून ठरवता आलेलं नाही. ‘हातुफिम’चं दुसरं पर्व २०१२ सालचं आहे. पेटीतून आलेला तिसरा सैनिक त्यात जिवंत निघतो. मी हे सांगितल्यावर भावोजी एवढे खो-खो हसले की त्यांना ठसका लागला. “बघा! परत गुपित!”

निखारे विझवून निघालो तेव्हा अकरा वाजून गेले होते. चांदणं होतं. पुढे ताई ताटल्या घेऊन, मधे मी मोबाइलचा दिवा धरून, मागे भावोजी रिकामं मडकं घेऊन, तिघेही बांधावरून. जानेवारीत बांध कोरडा असतो, दोन्ही बाजूंचं शेतही कोरडं. मी दोनदा मागे वळून बघितलं, ते त्यांना दिसलं. “चला, चला,” म्हणाले, “पुढं बघा, पडाल.”

पायरीशी पोहोचलो. बादली तिथेच होती, कडेला पालथी घातलेली, वर तांब्या. बहुतेक वर्षभर तशीच असते. मीच कधी बघितली नव्हती. ताई दार उघडून आत गेली आणि तिने दिवा लावला. भावोजींनी मडकं खाली ठेवलं, बादली सुलटी केली आणि अंगणातल्या नळाखाली धरली. आमचे कुणाचेच पाय चिखलाने भरलेले नव्हते. बादली भरेपर्यंत ते नळापाशी वाकून उभे राहिले, मग ती पायरीवर आणून ठेवली आणि मला म्हणाले,

“धुवा पाय, मास्तर. राख लागलीय.”